त्या बाईच्या फिल्मा

शरच्चंद्र तळपद्यांनी सदतीस वर्षं सरकारी छापखान्यात दुसऱ्यांच्या चुका काढल्या आणि त्याबद्दल कुणी कधी त्यांचे आभार मानले नाहीत. मुद्रितशोधकाच्या नशिबी हेच असतं. चूक राहिली तर ती त्याची, नाही राहिली तर मजकूर मूळचाच चांगला होता. निवृत्त झाल्यावर हेच काम त्यांनी ठाकूरद्वारच्या चाळीत फुकट सुरू केलं. मुंजीची पत्रिका, गणेशोत्सवाचा अहवाल, पाणी बंद असल्याची जिन्याखालच्या फळ्यावरची सूचना, काही म्हणता काही त्यांच्या तावडीतून सुटत नसे. लोक पाठीमागे त्यांना 'काना-मात्रा' म्हणत, आणि पत्रिका छापायला टाकायच्या आदल्या संध्याकाळी हळूच दार वाजवून म्हणत, "काका, जरा नजर टाकता?"

बायकोचा, लतिकाबाईंचा, रिपोर्ट त्यांनी ह्याच नजरेनं वाचला. दुसरी नजर त्यांच्यापाशी नव्हतीच.

दोन महिने बाईंना जेवण जात नव्हतं, पाठ दुखत होती, आणि ब्लाउजना आतून तिसऱ्यांदा टीप घालून झाली होती. दादरच्या एका सेंटरमध्ये पोटाचा सीटी स्कॅन काढला. शनिवारी आठ फिल्मा आणि दोन पानांचा इंग्रजी रिपोर्ट असं जाडजूड पाकीट घरी आलं. दुसऱ्या पानावर जे होतं ते त्यांच्या मुलीनं, मनवानं, माहीमहून येऊन खालच्या आवाजात सांगितलं. स्वादुपिंडाच्या मधल्या भागात तीन सेंटीमीटरची गाठ, कर्करोगाची दाट शंका. यकृतात काही बारीक ठिपके, त्यांचा अर्थ पुढच्या तपासणीनंतर लावावा. परळच्या मोठ्या इस्पितळात तिनं ओळखी काढून गुरुवारची तारीख मिळवली होती. सुईनं गाठीचा तुकडा काढायचा होता.

मनवा गेली. शरच्चंद्र पट्टी घेऊन बसले. एकेका ओळीखाली पट्टी सरकवत त्यांनी रिपोर्ट तीनदा वाचला आणि तिसऱ्या खेपेस पहिल्या पानाच्या मध्यावर पट्टी थांबली.

'पित्ताशय व्यवस्थित आहे. भिंत जाड नाही. खडे नाहीत.'

"लता," त्यांनी हाक मारली, "तुझं पित्ताशय कुठाय?"

"मला काय विचारता?" बाई आतून म्हणाल्या. "त्यातले खडे बाटलीत घालून चाळभर तुम्हीच मिरवलेत."

मिरवले होते खरे. सोळा वर्षांपूर्वी दुर्बिणीतून ऑपरेशन झालं तेव्हा डॉक्टरांनी खडे हातात दिले, आणि पुढे पंधरा दिवस बिऱ्हाडा-बिऱ्हाडातून माणसं ते बघायला येत होती. शेजारच्या धोंडू परबानं तर, "ह्यातलो एक अंगठीत बसवा वयनीनु," म्हणून सल्ला दिला होता.

मग जे पित्ताशय पोटात नाही, त्याची भिंत ह्यांनी मोजली कशी?

शरच्चंद्रांच्या छातीत काहीतरी हललं. ती आशा होती, पण आशा म्हणून त्यांनी तिला ओळखलं नाही. त्यांना वाटलं ही आपली नेहमीची चूक सापडल्याची खूण आहे. त्यांनी मनवाला फोन लावला.

"बाबा, ते कॉपी-पेस्ट असतं," मनवा थकल्या आवाजात म्हणाली. "प्लीज, तिथं अडकू नका. गाठीचं बघा."

"जो माणूस नसलेला अवयव तपासून खाली सही ठोकतो, त्याच्या गाठीवर मी विश्वास ठेवू?"

"मग सेंटरला विचारा."

"चुकणाऱ्यालाच विचारायचं, चूक झाली का?"

तरी विचारलं. फोनवरच्या मुलीनं नाव, वय, नंबर पडताळला आणि, "बरोबर आहे काका, लतिका तळपदेच आहे," म्हणून फोन ठेवला. नाव बरोबरच असणार. पण शरच्चंद्रांना आता त्या दिवसाची सकाळ आठवायला लागली होती. लतिकाबाईंच्या शेजारी, तसाच निळा झगा घातलेली, त्यांच्याच बांध्याची एक बाई बसली होती. नंबर लतिकाबाईंचा होता आणि आत घेतलं होतं तिला. म्हणजे आत गडबड झाली. पोट त्या बाईचं आणि नाव हिचं. छापखान्यात असं दोनदा झालेलं त्यांनी स्वतः पकडलं होतं, एका खात्याच्या मजकुरावर दुसऱ्याच खात्याचा मथळा.

आता सिद्ध करायचं एवढंच राहिलं, की फिल्ममधल्या पोटात पित्ताशय आहे. आहे, तर ते पोट लतिकाचं नव्हे. गुरुवारच्या आत.

फिल्मा खिडकीत धरल्या तर काही म्हणता काही कळेना. करड्यात करडं. पण न कळणारा मजकूर वाचायची त्यांची एक रीत होती. कानडीतली जाहिरात असो की संस्कृतातला श्लोक, अर्थ कळायची गरज नाही, शेजारी मूळ प्रत हवी. अक्षराला अक्षर लावत जायचं. प्रश्न एवढाच होता, की माणसाची मूळ प्रत कुठं मिळते?

ती चाळीतल्या कपाटांवर निघाली. घरटी एक तरी पिवळट पाकीट, गणपतीच्या मखराशेजारी, धूळ खात पडलेलं. फिल्म कुणी टाकत नाही. पुढचा डॉक्टर मागेल ही एक भीती, आणि टाकली की आजार परत येतो ही दुसरी. रविवारी शरच्चंद्र दारोदार फिरले आणि सोमवारपर्यंत त्यांच्याकडे अकरा पाकिटं जमली. कुणी विचारलं नाही कशाला. बाईंचा रिपोर्ट चाळीला शनिवारी दुपारीच कळला होता, नुसता कळला नाही असा चेहरा सगळ्यांनी ठेवला होता. राग आला तो ज्यांची फिल्म घेतली नाही त्यांना.

"भावोजी, माझा गुडघा नको का?" शांताबाईंनी जिन्यात अडवलं.

"गुडघ्यात पित्ताशय नसतं, शांताबाई."

"बघा तरी. डॉक्टर म्हणाला, असा गुडघा शंभरात एक."

अकरातली पोटं सात निघाली. गॅलरीतल्या कपड्यांच्या दोरीवर त्यांनी ती चिमट्यांनी टांगली, मागून आभाळाचा उजेड, मध्ये लतिकाबाईंची फिल्म, आणि वहीत नोंदी सुरू केल्या. पहिला दिवस हाडांत गेला, कारण हाडं पांढरी असतात आणि गुन्हा कबूल केलेल्या माणसासारखी ती लपत नाहीत. चित्रातली डावी बाजू म्हणजे माणसाची उजवी, ही गोष्ट मनवानं फोनवर सांगितली तेव्हा ते हसले. तरुणपणी छापखान्यात त्यांनी शिशाच्या अक्षरांचे खिळे उलटेच वाचले होते.

सगळ्या सात पोटांना एकदम अर्थ दिला तो धोंडूनं. तो आपली स्वतःची फिल्म पारखायला आला होता.

"ह्यां काय रे शरदा? ह्ये तर सुरमयचे तुकडे!"

"म्हणजे?"

"मेल्या, बाजारात कोळीण आडवी सुरी घालता ना? मधी काटो, भोवती मास, पोटाकडे काळां. तसोच मी. माका आडवो कापलो हा."

शरच्चंद्रांनी पेन खाली ठेवलं. खरंच, शेपटीपासून डोक्याकडे ओळीनं मांडलेल्या तुकड्या. मग एका चित्रात न बघता, तुकडीवर तुकडी मनात रचत जायचं. तसं रचल्यावर दोन दिवसांत त्यांना माणूस दिसायला लागला. मणक्यापुढे गोल नाण्याएवढी मोठी रक्तवाहिनी. दोन बाजूंना काजूगरासारखी मूत्रपिंडं. यकृत म्हणजे चाळीतला जुना भाडेकरू, सगळ्यात मोठी खोली अडवून बसलेला. धोंडूचं यकृत जरा जास्तच मोठं होतं. त्यानं धोंडूबद्दल जे सांगितलं ते चाळीला आधीपासून माहीत होतं. स्वादुपिंड सापडायला सगळ्यात अवघड गेलं. जठराच्या मागे आंब्याच्या वाळक्या पानासारखं ते चोरून पडलेलं असतं. सातही माणसांत ते शेवटी सापडलं. आणि मधल्या फिल्ममध्येही सापडलं. पानाच्या मधोमध काळसर गोळा.

शरच्चंद्रांनी तो पट्टी लावून मोजला. तो गोळा त्या बाईचा होता.

मूळ प्रतींशी ताडून त्या बाईचा मजकूर त्यांनी वहीत नीट उतरवला. 'गाठ: सातांपैकी कुणाला नाही. यकृतात ठिपके सात: कुणाला नाहीत. डाव्या बाजूच्या खालच्या दोन फासळ्यांवर गाठाळ उंचवटे: कुणाला नाहीत.' ठिपक्यांचा अर्थ त्यांनी मनवाच्या नवऱ्याकडून इंटरनेटवर काढून घेतला आणि वही मिटली. बिचारी, फार दिवस नाहीत.

बुधवारी सकाळी पित्ताशय सापडलं. धोंडूच्या फिल्ममध्ये यकृताच्या कुशीत काळी, नाशपतीच्या आकाराची पिशवी होती. लतिकाबाईंच्या नावाच्या फिल्ममध्ये, चौथ्या तावावर, दुसऱ्या ओळीत, यकृताला लागून तशीच एक काळी पिशवी. शरच्चंद्रांनी चष्मा पुसून पाहिलं. आहे. सातव्यांदा पाहिलं. आहे!

सदतीस वर्षांत पहिली चूक सापडली म्हणून त्यांनी कधी वाचन थांबवलं नव्हतं. पहिल्या चुकीच्या पाठीमागे दुसरी दडलेली असते हे त्यांनी किती शिकाऊ उमेदवारांना सांगितलं असेल. त्या सकाळी मात्र ते चौथ्या तावावर थांबले. पुढच्या चित्रांत ती पिशवी कुठं जाते हे त्यांनी पाहिलं नाही. मनानं ते केव्हाच लतिकाबाईंना सांगायला निघाले होते.

"लता! हे पोट तुझं नाही!"

बाई बाहेर आल्या. दोरीवरच्या अंधाऱ्या चित्रांकडे बघत राहिल्या. मग इतके दिवस ताठ धरलेली मान त्यांनी सोडली आणि भिंतीला टेकून खाली बसल्या.

"नक्की?"

"पित्ताशय आहे हिला. तुझं सोळा वर्षांपूर्वीच काढलं."

"मग मी अशी का वाळतेय?"

"दातांमुळे. चावत नाहीस, मग जिरणार कसं? कवळी नीट करून घेऊ."

त्या दुपारी बाई दोन घास जास्त जेवल्या. शरच्चंद्रांनी ते घास पाहिले. मग मनवाशी भांडण झालं, ते तासभर चाललं. ती रडली, ओरडली, शेवटी म्हणाली, "आईच नको म्हणतेय तर मी तिला उचलून नेऊ का?" बाई नको म्हणत होत्या कारण 'अहो' नको म्हणत होते. परळची गुरुवारची तारीख गेली. त्या दिवशी बाईंनी हौसेनं केस धुतले आणि जिन्यात शांताबाईंना अर्धा तास गुडघ्याबद्दल बोलू दिलं.

पण लतिकाबाईंच्या सुटकेत एक काटा राहिला, आणि तो शरच्चंद्रांच्या हिशेबात नव्हता.

"अहो, मग ती?" शुक्रवारी चहा गाळताना त्या म्हणाल्या.

"कोण ती?"

"निळ्या झग्यातली. तिला माझा रिपोर्ट मिळाला असेल. काही नाही म्हणून. आनंदात असेल हो बिचारी."

"असेल."

"असेल काय? तिला कळवायला नको? तुम्हीच म्हणता फार दिवस नाहीत."

"आपण कोण सांगणारे?"

"तिच्या फिल्मा आपल्याकडे आहेत," बाई म्हणाल्या. "तिच्या जागी मी असते, आणि एखाद्या घरात माझी फिल्म दोरीवर वाळत असती नि त्या घरातला माणूस चहा पीत बसला असता, तर? उद्याच्या उद्या दादरला जा. माझी शपथ."

शनिवारी सकाळी शरच्चंद्र पाकीट घेऊन सेंटरवर गेले. मनातून त्यांना बरंच वाटत होतं. नुसती चूक काढण्यापेक्षा ती दुरुस्त करून घेण्याचं समाधान मोठं. काउंटरवर आवाज चढवल्यावर त्यांना आत पाठवलं. मशीन चालवणारी संघमित्रा नावाची तिशीची मुलगी होती. त्यांचं सगळं म्हणणं तिनं मध्ये न बोलता ऐकलं, वही चाळली, सात पोटांच्या नोंदी वाचल्या.

"हे सगळं तुम्ही चाळीतल्या फिल्म्सवर शिकलात?"

"मूळ प्रत मिळाली की काही अवघड नसतं."

"आमच्या फर्स्ट इयरच्या मुलांना एवढं येत नाही, काका." ती हसली नाही. "बसा. मी स्क्रीनवर लावते. फिल्मवर आम्ही थोडेच कट छापतो. इथं सगळे आहेत."

पडद्यावर पोट उघडलं. तिनं चाक फिरवलं तसं ते तुकडी-तुकडीनं नाही, वाहतं दिसायला लागलं, जणू कुणी हळूहळू आत उतरतंय. शरच्चंद्र पुढे सरकले. यकृत. रक्तवाहिनी. मूत्रपिंडं वर आली, मावळली. सगळं त्यांना ओळखता येत होतं.

"थांबा. हे. हे पित्ताशय."

"ह्याच्यावर बोट ठेवा," ती म्हणाली. "आता बघा."

चाक फिरलं. काळी पिशवी वाकली, लांबली, मणक्याकडे गेली. तिनं उलटं फिरवलं. पिशवी वर चढली आणि जठरात मिसळली.

"आतड्याचा सुरुवातीचा भाग आहे काका. स्कॅनच्या आधी आम्ही लिटरभर पाणी पाजतो ना, ते त्यात साचलेलं असतं. सगळ्यांचं फसतं इथं." मग तिनं यकृताखाली एक चित्र थांबवलं. तीन पांढरेशुभ्र कण, त्यातून किरण फुटलेले. "आणि हे क्लिप्स. पित्ताशय काढलं की आत राहतात."

"मग रिपोर्टात..."

"आमचा नमुना तयार असतो. नॉर्मल पोटाचा. टाइप करणारे तोच उघडतात आणि बदल करतात. ही ओळ बदलायची राहिली. चूक आहे, मी डॉक्टरांना सांगते."

हे शरच्चंद्रांना कुणी समजावायची गरज नव्हती. जुळवून ठेवलेला मजकूर, पुन्हा पुन्हा वापरायचा, आणि त्यात एक जुनी ओळ तशीच राहून जायची. जन्मभर ते ह्याच ओळी पकडत आले होते.

"त्या बाईचंही काढलेलं असेल," ते म्हणाले. "पित्ताशय. कितीतरी बायकांचं काढतात."

"त्या दिवशी तुमच्या आधी आत गेल्या त्यांच्या पोटाचा नव्हता, छातीचा स्कॅन होता. एवढंच सांगू शकते."

"मग आणखी कुणी. दुपारची. आदल्या दिवशीची."

संघमित्राचा हात चाकावर होता, ते जरासं फिरलं, आणि पडद्याच्या उजव्या कडेला, म्हणजे बाईच्या डाव्या अंगाला, दोन फासळ्या आल्या. त्यांच्यावर गाठाळ उंचवटे होते.

"ह्या..." शरच्चंद्रांनी पडद्याजवळ बोट नेलं. "ह्या मोडल्यात?"

"मोडून जुळल्यात. खूप जुनं आहे. पडल्या होत्या का कधी?"

दिवाळीच्या आधीची साफसफाई, माळ्यावरची पितळी भांडी, स्टुलावर चढलेली लतिका. स्टूल तेच धरून उभे होते. खालून कुणीतरी पत्रिका दाखवायला हाक मारली म्हणून त्यांनी हात काढला होता. महिनाभर लतिका डाव्या कुशीवर झोपली नव्हती. आणि सोमवारी, स्वतःच्या अक्षरात, त्यांनी वहीत लिहिलं होतं: कुणाला नाहीत.

यकृतातल्या ठिपक्यांबद्दल त्यांनी विचारलं नाही. ते त्यांनी स्वतःच मोजले होते, त्यांचा अर्थही काढला होता, अगदी शांतपणे, दुसऱ्या बाईचे म्हणून. संघमित्रानं पडदा बंद केला.

"परळची तारीख आहे ना, काका?"

"होती," ते म्हणाले. "गुरुवारी."

तिनं तिथूनच फोन लावून पाहिला. पुढची तारीख तेवीस दिवसांनी होती. सोमवारी सकाळी सहाला खिडकीवर जाऊन बसलात तर मध्येच एखादा नंबर मिळेल, असं ती म्हणाली, आणि एका चिठ्ठीवर तिथल्या मुलीचं नाव लिहून दिलं.

घरी लतिकाबाई ताट पुढ्यात घेऊन वालाचं बिरडं सोलत बसल्या होत्या. बऱ्याच दिवसांनी त्यांना ते खावंसं वाटलं होतं.

"सापडली?" त्यांनी मान वर न करता विचारलं.

शरच्चंद्रांनी चपला काढल्या. पाकीट खुर्चीवर ठेवलं.

"सापडली."

"पत्ता दिला त्यांनी? देतात का असा?"

"दिला."

"कुठं राहते?"

"इथंच. गिरगावात."

"अगंबाई! म्हणजे ओळखीतलीसुद्धा निघेल." सालं बाजूला पडत होती, दाणे पाण्यात पडत होते. "घरी कोण आहे तिला?"

"नवरा आहे. एक मुलगी. माहीमला."

आणखी दोन दाणे पाण्यात पडले. तिसरा बाईंच्या चिमटीत राहिला.

"नवरा काय करतो?" त्यांनी विचारलं, पण आवाज आता निराळा होता.

शरच्चंद्र दारातच उभे राहिले, शाळेत उशिरा आलेल्या मुलासारखे. बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. दोरीवर अजून धोंडूचं पोट लटकत होतं, ते वाऱ्यानं वाजत होतं.

"गुरुवार गेला," बाई म्हणाल्या.

"हो."

"तुम्ही घालवलात."

"हो."

"आणि मी बुधवारपासून तिच्यासाठी रोज देवापाशी..." चिमटीतला दाणा त्यांनी पाण्यात सोडला, ओले हात पदराला पुसले.

"लता, सोमवारी सहाला जाऊ आपण. तिथं एक मुलगी आहे, चिठ्ठी दिलीय. मी खिडकीवर त्यांच्या पाया पडेन. मी..."

"मनवाला फोन लावा."

त्यांनी खिशातून फोन काढला. दोनदा दुसराच नंबर लागला.

"लागला की माझ्याकडे द्या," बाई म्हणाल्या. "तुम्ही काही बोलू नका."

माहीमला घंटी वाजायला लागली. त्यांनी फोन पुढे केला. बाईंनी तो घेतला, कानाला लावला, आणि त्यांच्याकडे पाठ करून बसल्या.